नियमित झालेले घर आणि न फिटलेला हक्क



मुंब्रा, भिवंडी, दिघा, कल्याण, नालासोपारा ही नावे आपल्यापैकी अनेकांना नातेवाइकांच्या पत्त्यांवरून ठाऊक आहेत. या वस्त्यांतील एखाद्या इमारतीच्या भिंतीवर एके दिवशी महानगरपालिकेची नोटीस लागते आणि त्या दिवसापासून तेथील चाळीस-पन्नास कुटुंबांची झोप उडते. सभा भरते, वर्गणी गोळा होते, वकील नेमला जातो, उच्च न्यायालयात याचिका दाखल होते. स्थगिती मिळाली की मिठाई वाटली जाते, नाकारली गेली की आक्रोश होतो. या धावपळीत एक प्रश्न हमखास विचारला जातो, "इमारत नियमित होईल का?" दुसरा प्रश्न मात्र फारसा कुणी विचारत नाही. उद्या ती नियमित झालीच, दंड भरला गेला, शिक्का बसला, तर अल्लाहसमोरचा हिशेबही चुकता झाला का?

हा लेख त्या दुसऱ्या प्रश्नाविषयी आहे.

कायदा काय माफ करतो?

प्रथम कायद्याची बाजू थोडक्यात समजून घेऊ. आपल्या राज्यात महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६ लागू आहे. नियोजन प्राधिकरणाच्या परवानगीवाचून बांधकाम करणे हा या कायद्याने गुन्हा आहे आणि असे बांधकाम नोटीस देऊन पाडण्याचा अधिकार प्राधिकरणाला आहे. मात्र शहरे वाढली, परवडणारी घरे वाढली नाहीत, आणि विनापरवाना इमारतींची संख्या इतकी झाली की सरकारांनी वेळोवेळी नियमितीकरणाचा मार्ग काढला. २००१ मध्ये गुंठेवारीचा कायदा आला. त्यात १ जानेवारी २००१ ही मर्यादा होती. २०२१ च्या दुरुस्तीने ती ३१ डिसेंबर २०२० पर्यंत पुढे नेण्यात आली. नवी मुंबईतील दिघा येथील ९९ इमारतींवर कारवाई करण्याचा आदेश मुंबई उच्च न्यायालयाने २०१५ मध्ये दिला, तेव्हा हजारो कुटुंबांचा प्रश्न उभा राहिला. सरकारने नियमितीकरणाचे धोरण न्यायालयापुढे मांडले. न्यायालयाने ते स्वीकारले नाही. त्यानंतर २०१७ मध्ये कायद्यातच कलम ५२ अ घालण्यात आले आणि ३१ डिसेंबर २०१५ पर्यंतची काही बांधकामे दंड आकारून नियमित करण्याची तरतूद झाली. त्यालाही आव्हान मिळाले. २०१८ मध्ये उच्च न्यायालयाने ते कलम वैध ठरवले, परंतु त्याखालील नियमांचा काही भाग रद्द केला.

या वादात दोन्ही बाजूंनी जे मांडले जाते, त्यात तथ्य आहे. एक बाजू म्हणते, लोकांनी आयुष्यभराची कमाई घातली आहे, त्यांना रस्त्यावर आणून कुणाचे भले होणार? दुसरी बाजू म्हणते, दर काही वर्षांनी मुदत पुढे सरकत राहिली, तर नियम पाळून, परवानगीसाठी वर्षानुवर्षे थांबून घर बांधणारा मूर्ख ठरतो आणि नियम मोडणारा शहाणा. सर्वोच्च न्यायालय बहुतेक वेळा दुसऱ्या बाजूकडे झुकलेले दिसते. वरळीच्या कॅम्पा कोला वसाहतीतील सात इमारतींवर एकूण ३५ मजले विनापरवाना चढवले गेले होते. रहिवाशांची नियमितीकरणाची मागणी न्यायालयाने २७ फेब्रुवारी २०१३ रोजी फेटाळली. डिसेंबर २०२४ मध्ये उत्तर प्रदेशातील एका प्रकरणात त्याच न्यायालयाने स्पष्ट केले की कितीही वर्षे लोटली आणि कितीही पैसा खर्च झाला, तरी तेवढ्याने बेकायदा बांधकाम कायदेशीर ठरत नाही.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. नियमितीकरण म्हणजे राज्याने स्वतःचा दावा सोडणे. परवानगी घेतली नाही, शुल्क भरले नाही, हा राज्याचा अपराध होता. राज्याने दंड घेऊन तो मिटवला. तसे करण्याचा त्याला अधिकार आहे. परंतु एका बेकायदा इमारतीत केवळ राज्याचाच हक्क बुडालेला असतो काय? ज्याची जमीन बळकावली त्याचा हक्क, ज्याचा रस्ता अडला त्या शेजाऱ्याचा हक्क, ज्याला खोटी कागदपत्रे दाखवून घर विकले त्या खरेदीदाराचा हक्क, हे सारे राज्याच्या दंडपावतीने फिटतात काय? आपल्या फिकहमध्ये अल्लाहचे हक्क आणि बंद्यांचे हक्क यांत जो भेद केला आहे, तो नेमका येथे उपयोगी पडतो. बंद्याचा हक्क बंदाच माफ करू शकतो. शासक, न्यायाधीश किंवा वकील त्याच्या वतीने तो माफ करू शकत नाही.

न्यायाधीशाचा निवाडा आणि आगीचा तुकडा

याविषयी प्रेषित मुहम्मद (स.) यांची एक हदीस आहे. ती बुखारी व मुस्लिम या दोन्ही संग्रहांत ह. उम्मे सलमा (र.) यांच्याकडून आली आहे. आपण माणूस आहोत, लोक आपल्याकडे तंटे घेऊन येतात, त्यांतला एखादा आपली बाजू दुसऱ्यापेक्षा अधिक वाक्‌चातुर्याने मांडत असेल आणि आपण ऐकलेल्यावरून त्याच्या बाजूने निवाडा देऊ. परंतु अशा निवाड्याने ज्याला आपल्या भावाचा हक्क मिळाला असेल त्याने तो घेऊ नये, कारण तो त्याच्यासाठी आगीचा तुकडाच आहे, असा तिचा आशय आहे.

वाचकहो, विचार करा. हा निवाडा कुणा सामान्य न्यायाधीशाचा नाही, साक्षात प्रेषितांचा आहे. त्यांच्या निवाड्यानेही जे पराये आहे ते आपले होत नसेल, तर एखाद्या कार्यालयाच्या शिक्क्याने किंवा स्थगिती आदेशाने ते कसे होईल? अबू दाऊद यांच्या संग्रहात या हदीसची पार्श्वभूमीही येते. दोन माणसे वारसाहक्काच्या तंट्यासाठी आली होती आणि कुणाकडेच पुरावा नव्हता. प्रेषितांचे हे बोल ऐकून दोघेही रडू लागले आणि प्रत्येक जण म्हणू लागला की माझा हक्क मी याला दिला. तेव्हा प्रेषितांनी त्यांना सांगितले की आता सत्य काय ते पाहून आपसांत वाटणी करा, चिठ्ठ्या टाका आणि उरलेले एकमेकांना माफ करा. न्यायालयात जिंकण्यासाठी आलेले दोघे जण एकमेकांसाठी हक्क सोडायला तयार झाले, ते कायद्याच्या भीतीने नव्हे तर आखिरतच्या भीतीने.

पवित्र कुरआनने सूरह बकराच्या १८८ व्या आयतीत याच दुखण्यावर बोट ठेवले आहे. तेथे एकमेकांची संपत्ती अन्यायाने खाण्यास मनाई आहे. आणि त्याच आयतीत, लोकांच्या संपत्तीचा वाटा जाणूनबुजून हडपण्यासाठी ती प्रकरणे अधिकाऱ्यांपर्यंत नेण्यासही मनाई आहे. भाष्यकारांनी याचे दोन अर्थ सांगितले आहेत. अधिकाऱ्यांना लाच देणे हा एक. आणि आपली बाजू खोटी आहे हे ठाऊक असूनही न्यायालयाचा आधार घेणे हा दुसरा. बेकायदा इमारतीच्या कहाणीत हे दोन्ही अर्थ अनेकदा एकत्र भेटतात. पाया खणताना पहिला आणि नोटीस आल्यावर दुसरा.

याचा अर्थ न्यायालयात जाणे गैर आहे असा मुळीच नाही. आपली बाजू खरी आहे असे ज्याला मनापासून वाटते, त्याने अवश्य जावे. नोटीस न देता घर पाडले जात असेल, तर जाणे कर्तव्यच आहे. प्रश्न इतकाच की आपण न्यायालयात सत्य सांगण्यासाठी जात आहोत की वेळ काढण्यासाठी, हे आपल्या अंतःकरणाला ठाऊक असते.

सर्व बेकायदा बांधकामे सारखी नाहीत

येथे घाईने सर्वांना एकाच मापाने मोजू नये. आपल्या वडिलोपार्जित जागेवर, पोरांची लग्ने झाली म्हणून एक खोली वाढवणारा माणूस आणि सरकारी किंवा परक्या जमिनीवर सात मजले उभारून ते विकणारा व्यावसायिक, हे दोघे कायद्याच्या भाषेत 'अनधिकृत' असले तरी शरीअतच्या तराजूत सारखे नाहीत. पहिल्याने नियम मोडला. त्याने अर्ज करावा, दंड भरावा आणि पुढे जपून राहावे. दुसऱ्याच्या गळ्यात लोकांचे हक्क अडकले आहेत. ज्याने कुणाची वीतभर जमीन अन्यायाने घेतली, त्याच्या गळ्यात कयामतच्या दिवशी सात जमिनींचे जोखड पडेल, असा इशारा प्रेषितांनी दिला आहे (बुखारी, मुस्लिम). बळकावलेल्या जमिनीवर बांधकाम करणाऱ्याचा त्या जमिनीवर कोणताही हक्क निर्माण होत नाही, हे तत्त्वही हदीसमधूनच आले आहे आणि फिकहच्या ग्रंथांत त्यावर प्रकरणेच्या प्रकरणे आहेत.

काही जण म्हणतात, गरज ही सर्वांत मोठी गोष्ट आहे. गरिबाने राहायचे कोठे? हा प्रश्न खरा आहे आणि त्याची टर उडवणारा माणूस निर्दयी आहे. इस्लामनेही गरजेची दखल घेतली आहे. जीव वाचवण्यासाठी निषिद्धही मुभेत येते. परंतु फिकहचा त्याला लागूनच दुसरा नियम आहे, आणि उस्मानी काळातील 'मजल्ला' या विधिसंहितेतही तो नोंदलेला आहे. आपली निकड दुसऱ्याचा हक्क नाहीसा करत नाही. भुकेने मरणाऱ्याने दुसऱ्याची भाकर खाल्ली तर त्याला पाप नाही. पण त्या भाकरीची किंमत त्याच्या माथी राहते. निकडीने पाप टळले, देणे टळले नाही. आणि ही मुभा भुकेल्याची आहे. त्याच्या नावावर भाकरी विकून श्रीमंत होणाऱ्याची नव्हे.

लकी कंपाउंडची आठवण

४ एप्रिल २०१३ ची संध्याकाळ आठवा. मुंब्र्याजवळ शिळफाटा येथील लकी कंपाउंडमधली अनधिकृत इमारत कोसळली. ती काही महिन्यांतच उभी राहिली होती. वरचे काम सुरू होते आणि खालच्या मजल्यांवर माणसे राहायलाही आली होती. ७४ जण दगावले, त्यांत कितीतरी बालके होती. नंतर बांधकाम व्यावसायिकांबरोबर महानगरपालिकेच्या आणि पोलीस खात्याच्या काही जणांनाही अटक झाली.

परवानगी ही केवळ कागदाची बाब आहे, असे म्हणणाऱ्याने त्या ढिगाऱ्याकडे पाहावे. परवानगीच्या मागे मातीची तपासणी असते, लोखंड-सिमेंटचा हिशेब असतो, अग्निशमनाच्या गाडीला वाट असते. रस्त्याच्या रुंदीवरून वाद झाला तर तो सात हात ठेवावा, असे प्रेषितांनी ठरवून दिले होते (बुखारी, मुस्लिम). उंटांच्या वाहतुकीच्या काळात गल्लीची रुंदी ठरवणारा दीन आजच्या शहराच्या विकास आराखड्याबद्दल उदासीन असेल काय? रस्त्यातली इजा पोहोचवणारी वस्तू दूर करणे हा ईमानचा एक भाग आहे, हे आपण मुलांना शिकवतो. मग रस्त्यातच दुकानाचा ओटा पुढे ओढताना ते शिक्षण कोठे जाते?

ह. नोमान बिन बशीर (र.) यांनी कथन केलेला जहाजाचा दृष्टांत आपण जाणताच (बुखारी). काही लोक वर, काही खाली. खालचे म्हणतात, पाण्यासाठी वरच्यांना त्रास कशाला, आपल्या वाट्यात एक भोक पाडू. वरच्यांनी त्यांना तसे करू दिले तर सारेच बुडतील. त्यांचा हात धरला तर सारेच तरतील. बहुमजली इमारतीला याहून अधिक लागू पडणारा दृष्टांत कोणता? तळमजल्याच्या दुकानदाराने जागा मोठी करण्यासाठी खांब तासला, गच्चीवर कुणी परवानगीशिवाय मजला चढवला, आणि बाकीच्यांनी शेजारधर्म म्हणून तोंड मिटले, तर तो शेजारधर्म नव्हे. शेजाऱ्याचा हात धरणे हाच तेथे शेजारधर्म आहे.

खरेदीदार, विक्रेता आणि मौन

बेकायदा इमारतीत राहणाऱ्यांपैकी पुष्कळ जण फसवले गेलेले असतात. नोव्हेंबर २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने कल्याण-डोंबिवलीतील ६५ इमारती पाडण्याचा आदेश दिला. तेथे बनावट परवानग्या दाखवून महारेराची नोंदणीही मिळवण्यात आली होती. ज्याने शासकीय नोंदणी पाहून घर घेतले, त्याला आणखी काय तपासता आले असते? अशा माणसाकडे बोट दाखवणे हा दुसरा अन्याय ठरेल. तो मजलूम आहे. त्याची रक्कम परत मिळवून देणे हे राज्याचे आणि समाजाचे काम आहे.

परंतु सर्वच खरेदीदार असे नसतात. बाजारभावाच्या निम्म्याने घर मिळते, करारनामा केवळ नोटरीच्या शिक्क्यावर होतो, बांधकाम प्रारंभ प्रमाणपत्र किंवा भोगवटा प्रमाणपत्र मागितले की विक्रेता हसून म्हणतो, "इथे सगळ्यांचे असेच आहे." हे सारे पाहूनही जो पैसे मोजतो, त्याने निदान स्वतःशी तरी प्रामाणिक राहावे. शंकास्पद गोष्टीपासून दूर राहण्याची शिकवण खाण्यापिण्यापुरती नाही. मांसाच्या दुकानात हलालची खात्री करून घेणारे आपण, आयुष्यातील सर्वांत मोठ्या सौद्यात एक कागद मागायला का संकोचतो?

आणि विक्रेत्याविषयी काय सांगावे! धान्याच्या ढिगात हात घातल्यावर ओलावा लागला, तेव्हा प्रेषितांनी त्या व्यापाऱ्याला खडसावले की ओला भाग लोकांना दिसेल असा वर का ठेवला नाहीस. आणि जो फसवतो तो आमच्यातला नव्हे, असे बजावले (मुस्लिम). ज्याने नोटीस आल्यानंतर घाईघाईने घर विकून टाकले आणि घेणाऱ्याला नोटिशीविषयी सांगितले नाही, त्याने ओले धान्य तळाशी दडवले. हे पाप केवळ बड्या व्यावसायिकाचे नाही. आपल्या-तुपल्यासारख्या सामान्य घरमालकाकडूनही ते घडते.

राज्याचीही जबाबदारी

इथवर आपण आपला हिशेब केला. राज्याचाही हिशेब असतो. कुरआनने घराला विसाव्याचे ठिकाण म्हटले आहे (सूरह नहल, आयत ८०). ते हिरावून घेण्याआधी न्यायाची प्रत्येक पायरी ओलांडली गेली पाहिजे. सात मजले एका रात्रीत उभे राहत नाहीत. ज्या अधिकाऱ्याच्या डोळ्यांदेखत ते उभे राहिले तो मोकळा आणि चौथ्या मजल्यावरची विधवा मात्र रस्त्यावर, हा न्याय नव्हे. लाच देणारा व घेणारा, दोघांवरही प्रेषितांनी धिक्कार केला आहे.

काही वर्षांपासून देशाच्या काही भागांत आरोपीचे घर लगेच पाडून टाकण्याची रीत पडली होती आणि तिची झळ मुस्लिमांना मोठ्या प्रमाणावर बसली. १३ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तिला आळा घातला. निदान १५ दिवसांची नोटीस, म्हणणे मांडण्याची संधी, कारणांसह आदेश आणि नियम मोडणाऱ्या अधिकाऱ्यावर वैयक्तिक जबाबदारी, असे निर्देश दिले. मात्र रस्ता, पदपथ, नदी, रेल्वेमार्ग अशा सार्वजनिक जागांवरील अनधिकृत बांधकामांना हे संरक्षण नाही, हेही त्याच निकालात आहे. आपली तक्रार रास्त आहे आणि ती कायद्याच्या मार्गाने मांडलीच पाहिजे. पण आपल्यावर होणाऱ्या अन्यायाची ढाल करून आपल्याच वस्तीतल्या लुटारू बांधकाम व्यावसायिकाला लपवू नये. त्याच्या इमारतीखाली दबणारेही आपलेच असतात.

या बाबतीत ह. उमर (र.) यांच्या काळातील एक प्रसंग इतिहासग्रंथांत येतो. मस्जिदे नबवीच्या विस्तारासाठी ह. अब्बास (र.) यांचे घर हवे होते, त्यांनी नकार दिला. खलिफांनी बळ वापरले नाही, प्रकरण ह. उबई बिन कअब (र.) यांच्यापुढे नेले. निर्णय घरमालकाच्या बाजूने लागला आणि खलिफांनी तो मानला. मग ह. अब्बास यांनी आपण होऊन ते घर मस्जिदसाठी दिले. हक्क मान्य झाला तेव्हा उदारतेलाही जागा मिळाली.

अल्लाहच्या घराचाही अपवाद नाही

मस्जिदीचेही पाहा. हिजरतनंतर मदीनेत मस्जिदसाठी जी जागा ठरली, ती सहल व सुहैल या दोन अनाथ मुलांची होती. त्यांनी ती विनामूल्य देऊ केली, तरी प्रेषितांनी मोबदला देऊनच घेतली. अल्लाहच्या घरासाठीही परक्याची जागा चालत नाही, तर आपल्या दिवाणखान्यासाठी कशी चालेल? सार्वजनिक जागेवर विनापरवाना नवे प्रार्थनास्थळ उभारू देऊ नये, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने २९ सप्टेंबर २००९ रोजी सर्वच धर्मांसाठी दिला. या आदेशात आपल्याला नवीन असे काही नाही. मस्जिदे नबवीच्या पायाशीच ते तत्त्व आहे. मस्जिद आणि मदरसा यांच्या विश्वस्तांनी जागेचे कागद आणि नकाशाची मंजुरी यांबाबत इतरांहून अधिक काटेकोर राहावे.

मग करावे काय?

ज्याने बांधकाम केले आणि लोकांना फसवले, त्याची तौबा केवळ तोंडाने होणार नाही. बंद्याच्या हक्काची तौबा हक्क परत केल्यानेच पूर्ण होते. ज्याच्याकडून घेतले त्याला परत करावे, जे राहत आहेत त्यांच्या पुनर्वसनाचा भार उचलावा. हे जमत नसेल तर हजला जाण्याआधी निदान त्यांच्या दारी जाऊन माफी मागावी.

ज्याने अजाणतेपणी घर घेतले, त्याने कायद्याची दारे अवश्य ठोठवावीत, नियमितीकरणाचा अर्ज करावा. परंतु अर्जात खोटी तारीख, खोटे वीजबिल जोडू नये. इमारत धोकादायक ठरली असेल, तर स्थगितीच्या आधाराने मुलाबाळांना तेथे ठेवू नये. स्थगितीने भिंत मजबूत होत नाही. शिक्का मिळाल्यानंतरही रस्ता अडत असेल, सांडपाणी शेजाऱ्याच्या दारात जात असेल, तर आपला भाग आपण मागे घ्यावा.

आणि आपण सर्वांनी, जे आज सुरक्षित घरात आहोत, ज्यांच्यावर कुऱ्हाड कोसळली त्यांच्यासाठी दार उघडावे. घर गमावलेल्या कुटुंबाला महिन्याभराचे भाडे, एखाद्या मुलाच्या शाळेची फी, हा सदका त्या ढिगाऱ्याजवळ उभे राहून केलेल्या भाषणाहून मोठा आहे.

नियमितीकरणाचा कागद जपून ठेवा, तो कामाचा आहे. पण त्याच कपाटात आणखी एक यादी ठेवा. या घरात कुणाचे काय अडकले आहे, हे तीत लिहा. न्यायालयातला खटला एक ना एक दिवस संपतो. या यादीचा खटला मात्र जेथे चालणार आहे, तेथे वकील नाही, स्थगिती नाही आणि पुढची तारीखही नाही.

अल्लाह आपणा सर्वांना हलाल कमाईचे, सुरक्षित आणि समाधानाचे घर देवो, आणि दुसऱ्याच्या हक्कापासून आपले हात निर्मळ ठेवो. आमीन.